थंडी खाल्लेला गड्डा

लिंकन, १ डिसेंबर १९५७

ती. आईस एनिडचा सा. न. वि. वि.

तू आपल्या परसातल्या आंबट देठांच्या रूबार्बचा गड्डा फोडून दिलास त्याला तीन आठवडे झाले. नाताळनंतर आपलं घर पाडणार, आणि तू जाणार त्या मावशीकडे वरच्या मजल्यावर माती कुठली? बाबा गेले, त्यांच्या हातचं आता एवढंच उरलं. बाहेर हिम पडतंय, म्हणून मी गड्डा कुंडीत लावून खोलीतल्या शेगडीजवळ ठेवला आहे. कोंबाचा डोळा मात्र मिटलेलाच.

शाळेत पहिल्या दिवशी मी ज्ञानाविषयी मोठं भाषण दिलं. मुली आता माझ्या बोलीची नक्कल करतात. ईस्टरला राजीनामा देऊन परत यावंसं वाटतं. स्टेशनवर गाडी सुटायच्या आधीच तू पाठ फिरवून गेलीस, तेही अजून सलतं.

तुझी, एनिड

ऑसेट, ५ डिसेंबर

चि. एनिडला आईचे अनेक आशीर्वाद.

अगं पदवीधर बाई, शेगडीजवळ? रूबार्ब आहे की मांजर? रूबार्ब वाढवायच्या अंधाऱ्या शेडमध्ये मी वीस वर्षं काढली. तिथेसुद्धा गड्डे आधी शेतात हिमात उघडे ठेवतात, मगच अंधारात घेतात. थंडी खाल्ली नाही तर डोळा उघडायचाच नाही. आजच्या आज बाहेर लाव. डोळा मातीच्या पातळीला राहू दे, आणि सारखी उकरून बघू नकोस. तुझा स्वभाव माहीत आहे मला. उगवला तरी पहिल्या वर्षी एकही देठ काढायचा नाही, कस्टर्ड कितीही आठवलं तरी. मुळांना बळ येऊ दे.

स्टेशनचं म्हणतेस. पोरी, मी थांबले असते तर तू उतरली असतीस. आणि मी तुला उतरू दिलं असतं.

मावशी म्हणते, तिच्याकडे तुझ्यापुरती खाट आहे. निरोप पोचवला. ठरव तू.

तुझी आई

लिंकन, २४ मार्च १९५८

ती. आईस सा. न.

गड्डा सगळा जानेवारी घरमालकीणबाईंच्या अंगणात बर्फाखाली होता. दोनदा उकरलं, खोटं कशाला सांगू? आज सकाळी डोळा उघडला! लालबुंद, सुरकुतलेला, नुकत्या जन्मलेल्या बाळाच्या मुठीसारखा.

वर्गात न राहवून सांगितलं. नक्कल करण्यात पहिली असलेली व्हेरा हिने थेट माझ्याच बोलीत विचारलं, की मग बाई, खायला कधी घालणार. मी म्हणून गेले, पुढच्या वर्षी. मुली हसल्या, मीही हसले. घरी येताना ध्यानात आलं, की त्यासाठी मला इथेच असायला हवं. राजीनाम्याचा कागद शेगडीत घातला. तिला काहीतरी काम हवंच होतं.

तेव्हा पुढच्या एप्रिलला तू ये. देठ मी काढीन, कस्टर्ड तू कर. परत जाताना स्टेशनवर आधी पाठ कोण फिरवतं ते बघू. तोवर माया पातळ होऊ देऊ नकोस.

तुझीच,
एनिड