थांबखोलीची रेघ

३ ऑगस्ट

पोचले एकदाची उमरीबारला! मोलगीहून जीपने दीड तास लागला. माझी ट्रंक टपावर दोन शेळ्यांच्या मधे, आणि पुढच्या सीटवर मी चौथी. नर्स म्हणून पहिलीच नेमणूक, तीही एकटीच्या जबाबदारीवर. कोरीटच्या सपाट केळीच्या मळ्यांत वाढलेली मी, इथल्या चढावर धाप लागते. पण एकेका टेकडीवर एकेक सुटं घर, हे फार आवडलं.

उपकेंद्र म्हणजे दोन खोल्या, पडवी आणि मागे थांबखोली. पाणीसुद्धा न पिता आधी तीच बघितली. आमच्याकडे कोरीटला घटका, म्हणजे तारेतला वेळ, फक्त दिवे आणि पंपांसाठी. वितरण केंद्रात साठवलेला वेळ तारेतून घरोघर येतो, बटण दाबलं की काम सुरू. इथे तीच शक्ती उलटी लावली आहे. पेशंटला खाटेवर निजवायचं, पितळी पत्र्यावरचा मंत्र वाचायचा आणि दांडा खाली ओढायचा. खाटेपुरता काळ थांबतो. साप चावलेला माणूस ॲम्ब्युलन्स येईपर्यंत आहे तसा राहतो, विष एक इंच पुढे जात नाही.

मदतनीस भुरीबाई घरी पावरी बोलतात, माझ्याशी मोजकं मराठी. त्यांनी उडदाची डाळ आणि भाकरी आणून दिली, आणि मी सगळी खाईपर्यंत समोरून हलल्या नाहीत.

९ ऑगस्ट

दुपारी रिनाला झोळीत घालून आणलं. नवरा जालमसिंग आणि तिघं भाऊबंद चार तास चालत आले. आठवा महिना, रक्तस्राव थांबत नव्हता. बाळाचे ठोके ठीक. ॲम्ब्युलन्सला फोन केला तर घाटात दरड कोसळलेली, रस्ता बंद.

पत्र्यावर बोट ठेवून मंत्र वाचला. दांडा ओढला आणि खोली शांत झाली. रिनाची वेणी खाटेवरून खाली लोंबता लोंबता तिथेच राहिली. जालमसिंगने विचारलं, तिला दुखत असेल का. मी सांगितलं, तिच्यासाठी एक क्षणही जात नाहीये. तो पडवीत बसला. आज पहिल्यांदा वाटलं की ही नोकरी मला जमेल.

११ ऑगस्ट

अठ्ठेचाळीस तासांच्या वर कोणाला ठेवायचं नाही असा नियम आहे. ते तास संपले. दरड तशीच. काळ सुरू केला तर रिना तासाभरात जाईल, म्हणून मी सही करून मुदत वाढवली. दुसरं काय करणार होते?

संध्याकाळी थांबखोलीच्या बाहेरच्या भिंतीवरचं घड्याळ बंद पडलेलं दिसलं. काढायला गेले तर भुरीबाईंनी मागून पदर ओढला आणि बोट दाखवलं. घड्याळाखाली एक पाल होती. उडी मारलेली. भिंतीला तिचा एकही पाय टेकलेला नव्हता.

१२ ऑगस्ट

काळ खोलीबाहेर थांबायला लागला आहे. जिथपर्यंत थांबला तिथे मी चुन्याची रेघ मारली. सकाळी पडवीच्या पायरीवर, दुपारी पायरीच्या चार बोटं पुढे. खडे टाकून बघते. पलीकडे गेलेला खडा हवेतच राहतो. दांडा आतल्या बाजूला, त्यामुळे वर करता येत नाही.

नंदुरबारच्या काळ-वितरण कार्यालयाला अकरा फोन केले. शेवटी हेमकांत नावाच्या माणसाने उचलला. म्हणाला, "ताई, मीटरना फोटो धाडा, मंग दखसूत." मी सांगितलं, मीटर रेघेच्या आत आहे. तो म्हणाला, फोटोशिवाय तक्रार नोंदता येत नाही. मी पुन्हा सांगितलं, आत जो जातो तो तिथेच थांबतो. मग त्याने विचारलं, आत जाऊन पटकन फोटो काढून येणारं कोणी नाही का.

फोन दगडावर आपटावासा वाटला.

१३ ऑगस्ट

लांब बांबूने दांडा ढकलायचा प्रयत्न केला. बांबूचा पुढचा भाग हवेत रुतला. भुरीबाई तो ओढून काढत होत्या, हात घसरला आणि दोन बोटं रेघेपलीकडे गेली. मी कमरेला धरून त्यांना मागे खेचलं, सगळा जोर लावून. बोटं बाहेर आली, पण काळी. चुलीतल्या कोळशासारखी. त्या रडल्या नाहीत. भाकर थापता येईल का, एवढंच विचारलं.

हेमकांतला सांगितलं तर म्हणे अपघाताचा अर्ज वेगळा असतो.

१४ ऑगस्ट

जालमसिंग आत गेला.

पाच दिवस पडवीत, मग अंगणात, मग रस्त्यावर, रेघेबरोबर मागे सरकत बसला होता. आज त्याने विचारलं, तिला कधी बाहेर काढणार. मी म्हटलं, कार्यालयाला परत फोन लावते. त्याने चपला काढून ठेवल्या आणि तिच्याकडे चालायला लागला. मी ओरडले. तो रेघेच्या एक पाऊल आत उभा आहे, एक पाय उचललेला.

पाडा रिकामा करायला सांगितलं. लोक वरच्या टेकडीवर गेले. भुरीबाई जात नाहीत.

१५ ऑगस्ट

कार्यालय बंद. फोनवर बाईच्या आवाजात स्वातंत्र्यदिनाच्या शुभेच्छा. मी सहा वेळा ऐकल्या.

रेघ खोलीपासून चाळीस फूट. चुना संपला.

१६ ऑगस्ट, सकाळ

दरड निघाली! ॲम्ब्युलन्स वळणावर उभी आहे, डॉक्टर, रक्त, सगळं तयार. आणि मी आत पोचू शकत नाही. सात दिवस ज्या गाडीची वाट बघितली, ती समोर.

हेमकांतचा फोन. केंद्रातून तार तोडली तर आतल्यांच्या अंगावर सातही दिवस एकदम पडतील. म्हणजे रिना — मी म्हटलं, तोडू नका. तो म्हणाला, "मन्हा हातमा काहीच नही शे, ताई. साहेब बारा वाजता तोडाले सांगी ऱ्हायना." तोपर्यंत दर अर्ध्या तासाला टेपने अंतर मोजून पाठवायचं. मोजमापं आली तर साहेबांना थांबवून बघतो म्हणाला.

म्हणून मोजते आहे.

साडेदहा

टेप धरायला वाकले. रेघ एकदम उसळली. डावा हात मनगटापर्यंत आत. दुखत नाही. काहीच कळत नाही. डॉक्टर ओढायला धावले, भुरीबाईंनी आपली बोटं त्यांच्या तोंडापुढे धरली. आता कोणी ओढत नाही.

मोजमापाचा फोटो पाठवला. उत्तर आलं — फोटो अस्पष्ट आहे.

पावणेअकरा

कोपर. वही गुडघ्यावर. सगळ्यांना वर पाठवलं. गाडीही मागे न्यायला लावली. भुरीबाईंना शिवी दिली तेव्हा कुठे गेल्या.

अकरा

एक बोट हललं! आतलं. करंगळी. थांबा — बाहेर येते आहे — मनगटसुद्धा — बोटं गुलाबी आहेत, गरम. काळी नाहीत. मी ओढलं नव्हतं. ओढलं की काळं पडतं, आता कळलं. असंच जालमसिंगला, रिनालाही जिवंत काढता येईल, दांडा लागत नाही, तार तोडायची गरज नाही. हेमकांतला फोन लावला, लाइन व्यस्त. पुन्हा व्यस्त. रेघ पुन्हा पुढे येते आहे, लिहूनच ठेवते. डॉक्टर, रिना बी पॉझिटिव्ह, आधी तिला. अजिबात ओढायचं नाही, नुसतं त्या माणसाच्या