कुंदाच्या आईचा तांब्या

१२ फेब्रु. ७९, सोम.
लग्नाच्या घागरींवर नावं ठोकतोय. दुसऱ्यांच्या चि. सौ. कां. आणि माझा हातोडा. दुपारी कुंदाचे अण्णा दुकानात आले. मी मान वर केली नाही. दादांना म्हणाले, "हिच्या तांब्याला आतून कल्हई करा. पंधरा दिवसांनी नेतो." दादा म्हणाले, "तिथी ठरली वाटतं." अण्णांनी नुसती मान हलवली.
कुंदाच्या आईला जाऊन वर्ष नाही झालं. शेवटचं पाणी ज्या तांब्यातून पाजलं त्यात बाईचा आवाज आहे. पाणी भरून कानाशी धरा, बोलते. कल्हई चढली की गप्प. दुसरी घरात यायच्या आत पहिलीला गप्प करायचं, ही आपली रीत. शाब्बास, नवरदेव.

१५ फेब्रु., गुरु.
कुं. घाटावर भेटली. म्हणते, "आईच्या तांब्याला हात लावू नकोस. तसलाच दुकानातला कल्हई करून अण्णांना दे, आईचा मला दे."
आई गेली तेव्हा कुं. प्रॅक्टिकलला होती. शेवटचं बोलणं तिच्याचबद्दल होतं म्हणे. काय, ते अण्णा सांगत नाहीत.
"ते एकदा ऐकते. मग आपलं काय ते ठरवू. आई म्हणाली असेल तसंच करीन मी."
मी म्हटलं, बरं.
"आणि तू ऐकायचं नाहीस. शपथ."
"तांबटाचा कान आहे. दिवसभर ठोकून बहिरा झालाय."
हसली. किती दिवसांनी.

१८ फेब्रु., रवि.
ऐकलं. दादा जेवायला गेले होते. माठातलं पाणी भरलं.
आधी खोकला. बांगड्या. मग अगदी रोजच्यासारखं, "कुंदे, वेणी घालून घे गं, डबा राहिला बघ." बराच वेळ काही नाही. मग धापा टाकत, "अहो, पोरीला त्या तांबटाच्या वसंताला देऊ नका. कॉलेज सोडलेला. हात उगारतो. आज दुसऱ्यावर, उद्या हिच्यावर." मग पाण्याचा घोट.
पाणी मोरीत ओतलं.
हात कुणासाठी उगारला होता, बाई? गॅदरिंगला तुमच्या पोरीला शीळ घातली त्याचं नाक फोडलं. कॉलेजने माफीपत्र मागितलं, दिलं नाही, म्हणून कॉलेज सुटलं. तीन वर्षं तुमच्या हातचे धपाटे खाल्ले, तेव्हा हात दिसला नाही का.

२१ फेब्रु., बुध.
सगळे बाजाराला. भट्टी पेटवली. ठरवूनच. कुं.ला सांगायचं, मी नव्हतो, दादांनी चुकून केली. संपलं.
तांब्या तापला, कल्हईचा नवसागर टाकणार तेवढ्यात पाण्याशिवायच आतून आलं, "कुंदे, वेणी..."
हातानेच उचलला. तळवा भाजला.
कल्हई अर्धी लागत नाही. ते एक वाक्य झाकायचं आणि वेणी तेवढी ठेवायची, असं होत नाही. वेणीसाठीच तर रडते ती.
संध्याकाळी दादा, "चिमटा कशाला असतो रे, गाढवा?"

२५ फेब्रु., रवि.
दिला. ओढणीत गुंडाळून छातीशी धरला तिने.
"ऐकलंस का?"
"नाही."
"खोटं."
"नाही म्हटलं ना."
हाताला फडकं कशाचं, हे विचारलं नाही. उद्या सकाळच्या गाडीने सायखेड्याला मावशीकडे जाते. तिथे निवांत ऐकणार.
ऐकू दे. चोरून मिळालेली बायको नको मला. लिहायला बरं वाटतं हे.

२६ फेब्रु., सोम.
अण्णा आले. मी खोटा तांब्या पुढे सरकवला, आतून चांदीसारखा. दादांनी पाणी भरून दिलं. अण्णांनी कानाशी धरला. खूप वेळ.
"गेली," म्हणाले.
दादा आत गेल्यावर माझ्याजवळ सरकले. "वसंता, शेवटी ती तुझ्याबद्दल बरं बोलली नाही. तापात माणूस काहीही बोलतं. कुंदाला मी कळू दिलं नाही. पण तांब्या घरात होता, आज ना उद्या तिने ऐकलाच असता. आईच्या शब्दाबाहेर जाणारी नाही ती. म्हणून हे. नाहीतर ही नवी तर म्हणत होती, राहू द्या ताईंचा आवाज."
मी फडकं बांधलेला हात मागे घेतला.
"एखाद्या रविवारी दादांना घेऊन घरी ये," म्हणाले, आणि तो मुका तांब्या धोतराच्या सोग्याने पुसत गेले. बायकोचा म्हणून.
पंधरा दिवस या माणसाला मी काय काय म्हटलं.

तोच दिवस, स्टँडवर
वही खिशातच होती. दादांना सांगितलं नाही.
मावशीची विहीर दारातच आहे. पाणी भरायला कितीसा वेळ लागतो? पण कुं. आधी सगळ्यांशी बोलत बसते. जेवते. मावशी वेणी घालायला बसवते. अजून ऐकलं नसेलही.
आणि ऐकलं नसेल तर जाऊन काय सांगू? ऐकू नकोस म्हणू? आईला विहिरीत टाक म्हणू?
ऐकलं असेल तर दारात उभा राहून हा फडकं बांधलेला हात कुठे ठेवू?
सायखेड्याची गाडी लागलीय. कंडक्टर दोनदा विचारून गेला, चढतोस का नुसता उभा आहेस.