रम शेवटी घालायची

दादा, काल आपल्या घरात दारू आली आणि ती मी माझ्या हातानं पाहुण्यांच्या ग्लासांत वाढली. घाबरू नका, प्यायलो नाही. हे आधीच सांगून टाकतो, कारण गोष्ट शेवटपर्यंत ऐकून घ्यायचा दम तुम्हाला कधीच नव्हता. सकाळचे अकरा वाजलेत. तुमची सून आणि नात लग्नाच्या साड्या बघायला गुलमंडीवर गेल्यात. घरात मी एकटा आहे आणि मला भीती वाटतेय. बासष्ट वर्षांच्या माणसाला स्वतःच्या स्वयंपाकघरात जायची भीती वाटते, हे कुणाला सांगायचं? जिवंत माणसांपैकी तर कुणालाच नाही. म्हणून तुम्हाला लिहायला बसलो.

तुमच्या नातीचं जमलंय. मुलगा चांगला आहे, पुण्याला नोकरी करतो, घरचे मोकळेढाकळे आहेत. इतके मोकळे की काल जेवायला येताना पोरगा रमची बाटलीच घेऊन आला. दोष त्याचा नाही. आपल्याच पोरीनं त्याला कधीतरी कौतुकानं सांगितलं होतं की माझे आजोबा छावणीतल्या मेसमध्ये होते, शरद लागला की साहेबांच्या पाहुण्यांसाठी सीताफळाचं पंच, म्हणजे रम घातलेलं सरबत, करायचे, आणि ते बाबांनाही येतं. व्याही सोफ्यावर बसल्या बसल्या म्हणाले, "मग आज होऊन जाऊ द्या की! सीताफळं तर तुमच्या दारातच विकायला बसलीत." खरंच होतं ते. दौलताबादच्या रस्त्यावर, आमच्या पडेगावच्या घरापासून हाकेच्या अंतरावर, डोंगरातल्या बायका पाट्या घेऊन बसलेल्या असतात. सगळे हसले. मी पोरीकडं बघितलं. ती हनुवटीवरून बोट फिरवत होती.

तिच्या हनुवटीवर चार टाक्यांची खूण आहे, दादा. ती तुम्हाला माहीत नाही. तुम्ही असताना मी लपून प्यायचो, तुम्ही गेल्यावर उघड प्यायला लागलो. ती दहावीत असताना एकदा शिकवणीवरून तिला आणायला गेलो, तसाच, घेऊन. छावणीच्या उतारावर स्कूटर घसरली. मला खरचटलंसुद्धा नाही. दवाखान्यात डॉक्टरांना तिनंच सांगितलं, "कुत्रं आडवं आलं." कुत्रं कुठलं आणि काय! पंधरा वर्षांची पोर रक्तानं भिजलेला रुमाल धरून माझ्यासाठी खोटं बोलत होती. त्या दिवसापासून थेंब घेतला नाही. अकरा वर्षं झाली. सोयऱ्यांना यातलं काही ठाऊक नाही. आम्ही सांगितलेलं नाही, आणि काल सगळ्यांच्या हसण्यात ते आता उघडं पडतं की काय, असं मला वाटलं.

बायकोनं मला आत बोलावलं. "नाय म्हणून सांगा. पोट बिघडलंय म्हणा, हात दुखतोय म्हणा, कायबी म्हणा." मी म्हणालो, "करतो." का म्हणालो? थोडा माज होता, खोटं कशाला बोलू. अकरा वर्षं काढलीत, एका बाटलीला काय भ्यायचं, असं वाटलं. आणि थोडं तुमच्यासाठी. तुमची ती पितळी पळी, मेसमधून निवृत्त होताना साहेबांनी दिलेली, इतकी वर्षं माळ्यावर पडून होती. ती काढली आणि चिंचेनं घासली.

तुमचे हात मला अजून दिसतात. पोलीस ॲक्शननंतर छावणीत नवे साहेब आले, तेव्हा सिल्लोडकडचं गाव सोडून तुम्ही मेसमध्ये लागलात. पहिल्या दिवशी काट्या-चमच्याचा फरक कळत नव्हता, हे तुम्हीच हसून सांगायचात. पण मी कळता झालो तोवर तुमचं पंच नावाजलेलं होतं. तुम्ही ओट्याशी उभे आहात, पांढरा डगला कोपरापर्यंत दुमडलेला. सीताफळ डोळे उघडलेलं घ्यायचं, काळं पडलेलं नाही. गर मलमलीच्या फडक्यात हातानंच गाळायचा. आम्ही मिक्सर आणला तेव्हा तुम्ही केवढे चिडला होतात. "बी फुटली तर कडू जहर व्हतंय. पाव्हण्याला जहर पाजायचंय व्हय?" मग मोसंबीचा रस, साखरेचा पाक, आल्याचा रस, वर किसलेलं जायफळ. इथवर चमच्या-चमच्यानं चाखायचं, हवं ते कमीजास्त करायचं. रम शेवटी घालायची, पळीनं मोजून. आणि ती पडली की जीभ लावायची नाही. नुसता वास घ्यायचा. जन्मभर तुम्ही साहेब लोकांना पंच पाजलंत आणि त्याची खरी चव तुम्हाला माहीत नव्हती. आम्हाला घरी तेच रम वगळून द्यायचात आणि म्हणायचात, "साहेबापेक्षा तुमचं बेस हाय."

आणि ती दुपार. मी एकोणीस वर्षांचा, कॉलेज सुटल्यावर घरून तुमचा डबा घेऊन मेसमध्ये आलो होतो. बाहेर हिरवळीवर पाहुणे, आत तुमची धांदल. तुम्ही पळी माझ्या हातात दिलीत, नळाखाली धर म्हणालात. पळीच्या खोलगट भागात घोटभर राहिलं होतं. मी ते चाटलं. सहज, पोरं पातेलं चाटतात तसं. वर बघतो तर तुम्ही दारात. मला वाटलं, आता मुस्काटात बसणार. तुम्ही मारलं नाही. मागच्या मोरीवर नेलंत, राखेनं पळी तीन वेळा घासायला लावलीत, मग मला तीन चुळा भरायला लावल्यात. तुमचे ओठ पांढरे पडले होते. "माझा बाप ह्याच्यातच गेला," तुम्ही म्हणालात. आजोबा तापानं गेले असंच आम्हाला तोवर सांगितलेलं होतं. "म्हणून मी जीभ लावत नाय. आपल्या रक्ताला ती सोडत नाय. आता तुला चव कळली पोरा. लई वाईट झालं." तुम्हाला घाबरलेलं मी त्या एकाच दिवशी पाहिलं. तेव्हा मला मनातल्या मनात हसू आलं होतं. घोटभर तर आहे, म्हातारा उगाच बाऊ करतोय, असं वाटलं होतं.

काल मी सगळं तुमच्यासारखं केलं. गर हातानं गाळला. मोसंबी जरा आंबट निघाली म्हणून पाक वाढवला, चाखलं, जमलं. मग बाटलीचं बूच उघडलं. अरे देवा, तो वास! अकरा वर्षं कुठं दडून बसला होता कोण जाणे, पण बूच फिरल्याबरोबर तोंडाला पाणी सुटलं. लाज वाटते लिहायला, पण सुटलं. एक पळी, दोन पळ्या. तिसरी थोडी ओट्यावर सांडली. मान वळवली तर पोरगी दाराशी उभी. हातात फोन, बघतेय असं दाखवत होती, पण फोनचा पडदा काळा होता. ती माझ्याकडंही बघत नव्हती, दादा. पळीकडं बघत होती. मी म्हणालो, "जा, पाहुण्यांत बस." ती म्हणाली, "इथंच बरी आहे मी." चौथी पळी पडेपर्यंत ती हलली नाही.

बाहेर वाहवा झाली. व्याही दुसऱ्यांदा मागून घेतात न घेतात तोच त्यांनी एक भरलेला ग्लास माझ्यापुढं सरकवला. "आता तुम्ही! करणाऱ्यानं घेतल्याशिवाय मजा नाही." बायकोच्या हातातली ताटली वाजली. माझ्या तोंडून निघालं, "आमच्या घरची रीत आहे. करणारानं घ्यायची नाही. आमचे दादा तीस वर्षं करत होते, एकदा जीभ लावली नाही." व्याह्यांनी मान डोलावली. "मोठी माणसं होती," म्हणाले. तुम्ही मला वाचवलंत. मी तुमची रीत माझी म्हणून सांगितली आणि सगळ्यांनी ती खरी मानली.

गोष्ट इथं संपायला हवी होती. पाहुणे गेल्यावर बायकोनं उरलेली बाटली मोरीत ओतली, पातेलं धुतलं, ग्लास दोनदा उकळत्या पाण्यातून काढले. सगळं धुतलं, असं तिला वाटतंय. पळी तिला सापडली नाही. विचारलं तेव्हा मी म्हणालो, धुऊन माळ्यावर टाकली. ती माळ्यावर नाही. ओट्याच्या कोपऱ्यात उपड्या पातेल्याखाली आहे, आणि तिच्यात घोटभर शिल्लक आहे. ती मी विसरलो नव्हतो. झाकून ठेवली होती. सकाळपासून दोनदा पातेलं उचलून बघितलंय. दुसऱ्यांदा वाकून वास घेतला. तिसऱ्यांदा गेलो तर काय होईल ते मला माहीत आहे, म्हणून लिहायला बसलो, आणि लिहितानाही निम्मं लक्ष तिकडंच आहे.

मधे पेन ठेवून पोरीला फोन लावला. म्हणालो, "आजोबांची पळी धुवायची राहिलीय." पलीकडं दुकानातला गलका ऐकू येत होता. तिनं कुठली पळी, का, काही विचारलं नाही. "बाबा, घराबाहेर पायरीवर जाऊन बसा," म्हणाली, "दार ओढून घ्या. मी निघाले."

मी पायरीवर आहे, दादा. कागद मांडीवर आहे. दार ओढून घेतलंय, पण किल्ली माझ्या खिशात आहे, हे मी तिला सांगितलेलं नाही.