तीन भिंतींचं स्वयंपाकघर

प्रिय ताई,

पत्र बघून कपाळाला आठ्या घालू नकोस. फोनवर 'बरं, ठेवते' म्हणून मोकळी होतेस. कागद तसा ठेवून देता येत नाही.

तुझी धाकटी पुन्हा नव्या कामाला लागलीय. हस खुशाल. आधी पटकथा लिहिल्या, तर माझी माणसं नुसती घरात बसून बोलतात म्हणून निर्माते वैतागले. मग स्पेशल इफेक्ट्स: खोटा धूर, खोटं रक्त, फुटली तरी न कापणारी काच. आता कलाविभाग. आई म्हणायची ते खरंच, माझं बूड एका जागी टिकत नाही. पण या वेळी माझ्याच जुन्या पटकथेचा सिनेमा होतोय आणि त्यातलं स्वयंपाकघर मीच उभं केलंय. आपलं, ताई. विकलेल्या घरातलं. कोऱ्या ओट्यावर चहाचे डाग पाडले. फडताळाची कडी तू उलटी बसवली होतीस, तशीच बसवायला लावली. सुतार म्हणाला, मॅडम, हे चुकलंय. म्हटलं, चुकलंय म्हणूनच बरोबर आहे. तरी जिवाला चैन नाही. सारखी उठून काहीतरी इकडचं तिकडे करत होते.

परवा आईला तिथे नेलं. हल्ली ती मला 'अहो बाई' म्हणते, हे तुला सांगायचा धीर झाला नव्हता. ती सरळ फडताळाशी गेली आणि न बघता ती उलटी कडी खाली दाबून ते उघडलं. मग ती स्टुलावर बसली, उघड्या बाजूकडे तोंड करून. सेटला चौथी भिंत नसते, तिथून कॅमेरा बघतो. दिवेवाला तिथे आडवा उभा राहिला तर त्याच्यावर खेकसली, वाटेतून बाजूला हो, माझी मोठी यायचीय, दार तिच्यासाठी उघडं ठेवलंय.

घर विकलं म्हणून तू तिच्याशी बोलणं टाकलंस. तुझा राग खोटा नव्हता. पण ते भांडण ती विसरलीय, तू तेवढी राहिलीस. खरं सांगते, मला तुझा हेवा वाटला.

शूटिंग संपलं. सोमवारी सेट तोडून तिथे दुसऱ्या सिनेमाचं हॉस्पिटल उभं करणार आहेत. हातापाया पडून मी रविवार मागून घेतलाय. आईला पुन्हा तिथे नेऊन बसवणार आहे. तू ये. कडी वाजवू नकोस, समोरून सरळ आत ये. त्या बाजूला भिंतच नाही.

तुझीच,
बूड न टिकणारी