डावी मूठ

हिंगणी,
२८ नोव्हेंबर २०२४

चि. धर्मेंद्र,

आशीर्वाद. मोठ्या बहिणीने लिहायची रीत आहे म्हणून लिहिला, आतून आला म्हणून नाही. इकडे सगळे बरे. वांगी लागली आहेत. फोन केला असता, पण फोनवर तू मला बोलू देत नाहीस आणि मग मी रडते. कागदावर तुला मधे तोंड घालता येत नाही.

तुझा व्हिडिओ पाहिला. शेजारच्या नलूच्या सुनेने मोबाइल आणून दाखवला. ‘हॉलिवूडचा हिरो माझ्या मांडीवर गेला’ म्हणे. वर ते नवं जाकीट, ते डोळे पुसणं. लाज कशी वाटली नाही तुला? तो व्हिडिओ पाहून वॉल्टरकाकांची भाची अमेरिकेहून येते आहे, आठ तारखेला. मामा कसे गेले एवढंच तिला विचारायचं आहे, आणि तू तिलाही हेच ऐकवणार, असं तुझ्या रूपालीकडून कळलं.

काका हिरो नव्हते. वांग्यांत निंदण करताना त्यांनी स्वतःच बाबांना सांगितलं होतं. सन पन्नास ते चौपन्न, नऊ सिनेमे, नाव फक्त दोनांत. काम एकच, गोळी लागून घोड्यावरून पडायचं. सगळ्यात मोठ्या भूमिकेत ते चार मिनिटं जिवंत होते. मग बोलावणं बंद झालं. पुढे सेवाग्राम बघायला आठवड्यासाठी म्हणून आले आणि आपल्या मळ्यातल्या खोलीत एकोणीस वर्षं राहिले. तुझ्या व्हिडिओत ते मरताना हिंदीत भाषण करतात. त्यांना हिंदी धड येत तरी होती का? वऱ्हाडी मात्र तुझ्यापेक्षा बरी बोलायचे.

दर सव्वीस जानेवारीला शाळेपुढच्या नाटकात इंग्रज साहेब तेच. दुसरा गोरा माणूस गाव आणणार कुठून? तू क्रांतिकारक. तू गोळी घालायचास, ते झकास पडायचे, तू प्रेताशेजारी उभा राहून पानभर भाषण करायचास, मग राष्ट्रगीत. राष्ट्रगीताला मेलेल्यानेही उठून उभं राहायचं, हा नियम काकांनीच घातला होता.

आणि दुसरा नियमही त्यांचाच, तिकडच्या सिनेमात शिकलेला. पहिल्याच तालमीत तुला म्हणाले होते, “मले खरंच काही झालं तं मी डावी मूठ उघडीन-मिटीन. मंग नाटक थांबवजो.”

अठ्ठ्याऐंशी साली, भर दुपारी, ती मूठ उघडली आणि मिटली. तीनदा. तू दोन पावलांवर होतास. आता म्हणतोस, नाटक संपेपर्यंत कुणाला काही कळलंच नाही. खोटारड्या, तुला कळलं होतं. तू भाषण मधेच थांबवलं होतंस.

इथे हे पत्र चार दिवस अडकून पडलं होतं.

तू थांबलास आणि विंगेत माझ्याकडे पाहिलंस. वही माझ्या हातात होती. मूठ मलाही दिसली होती. पण धर्मेंद्र, ते भाषण मी लिहिलेलं होतं. माझं लिहिलेलं पहिल्यांदा सगळं गाव ऐकत होतं, पंचायत समितीचे सभापती पुढच्या खुर्चीत होते. मी तुला म्हटलं, “काऊन थांबला? बोल ना.”

तू बोललास. अख्खं पान. टाळ्या पडल्या. राष्ट्रगीत सुरू झालं, सगळे उभे राहिले, आणि काका उठले नाहीत. आपल्या दोघांनाही तेव्हाच कळलं. तरी आपण राष्ट्रगीत संपेपर्यंत ताठ उभे राहिलो.

सेलूचे डॉक्टर बाबांना म्हणाले होते की थोडं आधी आणायला हवं होतं. हे बाबांनी फक्त मला सांगितलं. मी तुला आज सांगते आहे.

छत्तीस वर्षं मी तुझा राग केला. रूपालीच्या लग्नात तुझ्याशी बोलले नाही, बाबा गेले तेव्हाही नाही. तू त्या दिवशी माझं ऐकलंस, त्याचा हा राग आहे. तो अजूनही गेलेला नाही, तेव्हा या पत्राचा अर्थ माफी असा लावू नकोस.

आठ तारखेला यायचं तर जाकीट न घालता ये आणि माझ्या शेजारी गप्प बस. भाचीला ती मूठ मी करून दाखवणार आहे. नाव तुझं घेईन, पण आधी माझं घेईन. तेव्हा तरी मधे बोलू नकोस.

तुला थांबू न देणारी,
उज्वलाताई