गाळलेलं कडवं

दि. ३ मार्च

चि. सौ. धाकटीस अनेक आशीर्वाद.

वि. वि. कार्ड बघून चमकू नकोस. आपला अबोला आहे खरा, पण अबोला तोंडाचा. कार्डाला कुठं तोंड असतं? तुझ्या कुंडीचं पाणी माझ्या वाळत घातलेल्या चादरीवर पडलं, त्याला आज एक वर्ष, दोन महिने आणि नऊ दिवस झाले. चादर त्याच दुपारी वाळली होती.

लिहिण्यास कारण, दोन दिवस माझ्या डोक्यावर तुझी डावी चप्पल वाजत नाही. पाय दुखावलाय का? भावोजी फिरतीवर, वर तू एकटी. खाली मी भिंतींशी बोलते. त्या मेल्या उलट उत्तरसुद्धा देत नाहीत.

राग राहू दे, पण लोभही राहू दे.

तुझी थोरली जाऊ

दि. ७ मार्च

ती. जाऊबाईंस सा. न. वि. वि.

तुमचं कार्ड एक जिना चढायचं सोडून गावभर फिरून आलं. पोस्टमननं विचारलं, दोघी एकाच घरात ना? मी म्हटलं, आमच्या जाऊबाईंना अक्षर घोटायची हौस आहे.

पाय ठणठणीत आहे, चप्पल तुटली होती. आता शिवून आणलीय. माझी पावलं कुणी ऐकतंय, हे वाचून उगाच दोनदा खोलीभर फिरून आले.

काल संध्याकाळच्या प्रार्थनेत तुम्ही तिसरं कडवं गाळलंत. राहवेना, म्हणून जिन्यातून ओरडून सांगितलं. ते देवाला सांगितलं हं, तुम्हाला नाही. अबोला जसाच्या तसा आहे.

उणंअधिक पोटात घाला, लोभ मात्र बाहेर असू द्या.

तुमची धाकटी

दि. १० मार्च

चि. सौ. धाकटीस आशीर्वाद.

हे मधल्या पायरीवर ठेवतेय, पोस्टमनच्या पायांना तेवढाच आराम.

देवासमोर खोटं बोलवत नाही, म्हणून लिहिते. त्या दिवशी कडवं खरंच चुकलं. पण वरून तुझा आवाज आला आणि जोडलेले हात तसेच राहिले. त्यानंतर तीन दिवस मी ते मुद्दाम गाळतेय, आणि तूही रोज न चुकता ओरडतेस. देव रागावणार नाही, त्याला सगळी कडवी पाठ आहेत.

आज चौथंही गाळणार आहे. जिन्यातून ओरडून घसा बसवून घेऊ नकोस. खाली ये, शेजारी बसून सांग. दार नुसतं लोटलेलं असेल.

लोभ वर ठेवून येऊ नकोस.

तुझी थोरली जाऊ