दादाची बोटं

प्रिय दादा,

तुला घरी यावंच लागेल, आईसाठी. पण आधी ऐक, आवाज जमला! बाबांनी हातोडीनं आधी तुझ्या त्या जुन्या सिंथ कीबोर्डचा चुरा केला आणि मग तुझ्या उजव्या हाताचा, त्याच सिंथचा आवाज मी कॉम्प्युटरवर नव्यानं बांधला. किती डोकं फोडलं विचारू नकोस. दोन सूर एकमेकांपासून केसभर हलवले, वर थोडी थरथर घातली, तरी मेला प्लास्टिकचाच वाटायचा. मग आठवलं, तुझा सिंथ तापला की त्याचा सूर किंचित उतरायचा. तेवढं घातलं आणि अंगावर काटा आला.

लगेच तुझं वाजवणं साठवलेली ती फ्लॉपी लावली. तिच्यात आवाज नसतोच, फक्त कुठली पट्टी केव्हा आणि किती जोरात दाबली एवढंच असतं. म्हणजे आवाज माझा, बोटं तुझी. करंगळी अजूनही उशिराच पडते तुझी, गधड्या! हसत हसत मी स्पीकर मोठा केला आणि तिथंच माती खाल्ली.

बाबांना वाटलं, तू परत आलायस. हातोडी घेऊन शिव्या देत वर आले, लाथेनं दार उघडलं. खुर्चीत मला बघून तर आणखीच चवताळले. पहिला घाव स्क्रीनवर, दुसरा माझ्या डाव्या खांद्यावर. हाड मोडल्याचं मला ऐकू आलं रे. आई मध्ये पडली तर तिला केसांना धरून भिंतीवर आपटलं. हातोडी त्यांच्या हातून सुटली. स्पीकर शाबूत होता, तुझं गाणं चालूच होतं.

बाबा दवाखान्यात आहेत, डोकं फुटलंय, अजून शुद्ध नाही. पोलिसांना मी सांगितलं, मीच मारलं. वाईट वाटत नाही, अजिबात नाही.

खरं फक्त तुला सांगते. मी जमिनीवर पडले होते. मारलं आईनं. नुसती मारत होती, तुझं गाणं संपेपर्यंत. आता ती रोज सकाळी उठून पोलिसांना खरं सांगायला निघते, आणि मी एका हातानं दार अडवून बसते. मला नेलं तर तिला कोण अडवणार? या घरात पाऊल ठेवणार नाही म्हणाला होतास, तो राग गिळ. बाबा शुद्धीवर यायच्या आत ये आणि तिला लांब घेऊन जा. कुणीही विचारलं तरी मारलं मीच. हे पत्र फाडून टाक.

तुझीच,
भांडकुदळ